संगणकातील दुभाषी

५ नोव्हेंबर १८१७ रोजी खडकी येथे मराठे व इंग्रज यांची लढाई झाली. पुढे १८१८ मध्ये पेशवाईचा अंत झाला आणि पेशव्यांचे दप्तर इंग्रजांच्या हाती गेले. ते दप्तर आजही पुण्याच्या पुराभिलेखागारात जपून ठेवलेले आहे. त्यातील बहुतेक कागद मोडी लिपीत आहेत. कागद शाबूत आहे, शाईही शाबूत आहे. परंतु मोडी न जाणणाऱ्या माणसास त्यावर केवळ रेघोट्या दिसतात. जाणकार वाचक शेजारी येऊन बसला, की तोच मुका कागद बोलू लागतो.

मुलांनो, तुम्ही संगणकावर गाणे ऐकता किंवा चित्रपट पाहता, तेव्हा असाच एक जाणकार वाचक पडद्याआड काम करीत असतो. त्याची ओळख आपण करून घेऊ.

संगणकाच्या फाइलीत गाणेही नसते आणि चित्रही नसते. तेथे असतात केवळ अंक. ध्वनी म्हणजे हवेचे कंपन. गाण्याच्या सीडीवर या कंपनाचे मोजमाप दर सेकंदाला ४४,१०० वेळा करून ते आकड्यांत लिहिलेले असते. चित्राचा पसारा तर याहूनही मोठा! पडद्यावर आडवे १,९२० आणि उभे १,०८० ठिपके धरले, तर एका चित्रात २०,७३,६०० ठिपके होतात. प्रत्येक ठिपक्याच्या रंगासाठी तीन आकडे लागतात आणि चित्रपटात सेकंदाला २४ चित्रे डोळ्यांपुढून जातात. म्हणजे दर सेकंदाला सुमारे पंधरा कोटी आकडे झाले. दोन तासांच्या चित्रपटास एक लाख कोटींहून अधिक आकडे लागतील! एवढे ओझे साठवणार कोठे आणि पाठवणार कसे?

म्हणून शास्त्रज्ञांनी संक्षेपाची युक्ती काढली. खडकीच्या स्थानकात आगगाडी येत आहे, असे दृश्य मनापुढे आणा. फलाट, बाक, घड्याळ हे सारे जागच्या जागी असते. हलते ती केवळ गाडी. मग प्रत्येक वेळी सारे चित्र नव्याने लिहावयाचे कशाला? ‘बाकी सर्व पूर्ववत्, गाडी थोडी पुढे सरकली,’ एवढी नोंद पुरते. ध्वनीच्या बाबतीतही तसेच आहे. ढोल वाजत असता शेजारची कुजबुज कानाला ऐकू येत नाही. तेव्हा ती गाळली तरी चालते. जर्मनीतील संशोधकांचा मोठा वाटा असलेली एमपी३ ही पद्धती याच तत्त्वावर उभी आहे.

संक्षेपाने लिहिलेले पुन्हा उलगडून सांगणारा कोणी तरी हवाच. लिहिण्याच्या व उलगडण्याच्या या जोडकामास ‘कोडेक’ म्हणतात. संक्षेपाच्या पद्धती अनेक आहेत आणि प्रत्येकीचा दुभाषी निराळा असतो.

हे दुभाषी संगणकात राहतात कोठे? गावात लग्नकार्याची मोठी पातेली प्रत्येक घर विकत घेत नाही. ती एके ठिकाणी ठेवतात आणि ज्याला गरज पडेल तो घेऊन जातो. त्याचप्रमाणे उलगडण्याचे कौशल्य निराळ्या फाइलींत साठवून ठेवतात. अशा फाइलींना ‘लायब्ररी’ म्हणतात. गाणी वाजवणारा, चित्रफीत दाखवणारा, चित्रफिती जोडणारा, असे अनेक प्रोग्रॅम एकाच लायब्ररीस हाक मारून आपले काम करवून घेतात. विंडोजवरील अशा फाइलींच्या नावाच्या शेवटी ‘डीएलएल’ ही अक्षरे असतात. योग्य लायब्ररी जागेवर नसेल, तर कधी आवाज येतो पण चित्र दिसत नाही, तर कधी प्रोग्रॅम सुरूच होत नाही. अशा वेळी कोणाही अनोळखी ठिकाणाहून ती फाइल आणून बसवू नये. दुभाष्याच्या वेषात चोरही घरात शिरू शकतो. मूळ प्रोग्रॅम ज्यांनी रचला, त्यांच्याकडूनच ती घ्यावी.

काही दुभाष्यांची विद्या सर्वांसाठी खुली आहे. फ्रान्समधील फाब्रिस बेलार यांनी २००० मध्ये ‘एफएफएमपेग’ या लायब्ररींच्या संचाचा आरंभ केला. पॅरिसच्या विद्यार्थ्यांनी १९९६ मध्ये हाती घेतलेल्या कामातून ‘व्हीएलसी’ हा प्रोग्रॅम घडला आणि २००१ मध्ये तो सर्वांस खुला झाला. यांची रचना कोणीही वाचावी, शिकावी आणि सुधारावी.

या खुलेपणाचे मोल पुणेकरांना सहज उमगेल. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. तेथील जुन्या नायट्रेट फितींना जानेवारी २००३ मध्ये आग लागली आणि अनेक दुर्मिळ फिती जळून गेल्या. म्हणून आता जुने चित्रपट अंकांच्या रूपातही जतन केले जातात. अंकांच्या अनेक प्रती करून त्या दूरदूरच्या ठिकाणी ठेवता येतात; परंतु ते अंक उलगडणारी विद्याच लोपली, तर? फाइल सुरक्षित राहील आणि चित्रपट मात्र मुकाच राहील. विद्या खुली असेल, तर शंभर वर्षांनी जन्मणारा एखादा अभ्यासकही ती वाचून नवा दुभाषी घडवू शकेल.

ठेवा जपणे म्हणजे केवळ तो पेटीत बंद करणे नव्हे. तो वाचण्याची विद्याही पुढच्या पिढीच्या हाती सोपविली पाहिजे. मोडी कागदाला जसा जाणकार हवा, तसाच अंकांनाही हवा.