सण साडीचा की माणसांचा?

मैत्रिणींनो, फ्रान्समध्ये काही कुटुंबं सुट्टीत चक्क विवस्त्र राहतात. १९३१ साली लेवां बेटावर त्यांचं हेलिओपोलिस नावाचं गावच वसलं. नाताळ त्यांनाही असतो. ओंडक्याच्या आकाराचा केक, घरच्यांची पंगत, सगळं तसंच. फक्त नव्या कपड्यांचा थाट नाही! पदर तोंडाला लागला ना? अहो, अशा मंडळींचा नोंद असलेला जगातला पहिला क्लब १८९१ मध्ये आपल्या ठाण्यातच निघाला. काढणारे क्रॉफर्ड नावाचे इंग्रज न्यायाधीश, सभासद जेमतेम तीन!

त्यांचं अनुकरण करा, असं मी मुळीच म्हणत नाही. पण आमच्या चितेगावात नवी साडी नाही म्हणून हळदीकुंकवाला न येणाऱ्या बायका आहेत. यंदा त्यांना हाताला धरून आणूया. आणि हो, साडीची किंमत कुणी विचारायची नाही!