खांद्याच्या हालचालीचे मोजमाप

डोक्यावर पाण्याची घागर चढविणे, फळ्याच्या वरच्या कडेला लिहिणे, वेणी घालणे, सदऱ्याच्या बाहीत हात घालणे ही कामे नित्याची होत. ती निर्वेध होत असतात तोवर खांद्याकडे कोणाचे लक्ष जात नाही. परंतु अस्थिभंगानंतर, पक्षाघातानंतर किंवा मधुमेहाच्या विकारात खांदा आखडला, म्हणजे धडधाकट माणूसही परावलंबी होतो. अशा वेळी ‘हात थोडासा वर जातो’ एवढे सांगून भागत नाही. तो नेमका किती वर जातो, हे अंशांत सांगावे लागते. उपचारांची दिशा आणि पुढे प्रसंग आल्यास दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र, या दोन्ही गोष्टी या मोजमापावर अवलंबून असतात.

साधे साधन

भौतिकोपचारतज्ज्ञ या कामासाठी ‘गोनिओमीटर’ हे उपकरण वापरतात. शाळेच्या कंपासपेटीतील कोनमापकाला दोन लांब पट्ट्या जोडल्या की त्याची कल्पना येते. त्यातील एक पट्टी स्थिर असते, तर दुसरी फिरती.

हात शरीराच्या बाजूला सरळ ठेवलेला असतो, ती शून्य अंशाची स्थिती. तेथून निरोगी प्रौढ व्यक्तीचा हात पुढून वर सुमारे १८० अंश, मागे ६० अंश आणि बाजूने वर १८० अंश जातो. दंड बाजूला आडवा व कोपर काटकोनात ठेवून मोजल्यास खांदा बाहेरच्या दिशेने ९० आणि आतल्या दिशेने सुमारे ७० अंश फिरतो.

मोजण्याची रीत

पुढून वर जाणारी हालचाल मोजताना रुग्णास गुडघे दुमडून पाठीवर निजवितात. कारण उभा असलेला रुग्ण कंबर मागे वाकवून किंवा खांदा उचकून हात अधिक वर गेल्याचा आभास, बहुधा नकळत, निर्माण करतो. उपकरणाचा मध्य खांद्याच्या बाहेरील बाजूस ठेवतात. स्थिर पट्टी बगलेच्या मध्यातून खाली येणाऱ्या रेषेला समांतर आणि फिरती पट्टी दंडाच्या मध्यरेषेवर, कोपराच्या बाहेरील उंचवट्याच्या रोखाने धरतात.

प्रत्येक हालचाल दोनदा मोजली जाते. प्रथम रुग्ण स्वतः हात उचलतो. नंतर तज्ज्ञ तो हळुवार उचलून पाहतात. तज्ज्ञांच्या साहाय्याने हात पुष्कळ वर जातो, पण रुग्णाला तो स्वतः उचलता येत नाही, असे आढळल्यास दोष स्नायूत, स्नायुबंधात वा मज्जातंतूत असण्याचा संभव असतो. दोन्ही वेळा हात एकाच ठिकाणी अडत असेल, तर सांधाच आखडलेला असू शकतो. ‘गोठलेला खांदा’ या विकारात बाहेरच्या दिशेने फिरणे सर्वांत आधी व सर्वांत जास्त घटते. हा विकार विशेषतः ४० ते ६० वर्षे वयात आणि मधुमेही व्यक्तींत अधिक आढळतो.

दोन मोजमापांत चार-पाच अंशांचा फरक सहज पडू शकतो. म्हणून शक्यतो एकाच तज्ज्ञाने, त्याच स्थितीत मोजावे आणि दुसऱ्या खांद्याशी तुलना करावी, असा संकेत आहे.

प्रमाणपत्र आणि गैरसमज

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ अन्वये अनेक सवलतींसाठी किमान ४० टक्के दिव्यांगत्व आवश्यक असते. येथे एक गैरसमज वारंवार आढळतो. एक हात बाजूने १८० अंश वर जातो आणि दुसरा ९० अंशच जातो, तर त्या एका हालचालीचा निम्मा ऱ्हास झाला, हे खरे. परंतु त्याचा अर्थ ५० टक्के दिव्यांगत्व असा होत नाही. इतर हालचाली, स्नायूंची शक्ती, हाताची कार्यक्षमता या सर्वांचा हिशेब करूनच प्राधिकृत वैद्यकीय अधिकारी अंतिम टक्केवारी ठरवितात. सुधारणेची शक्यता असल्यास प्रमाणपत्र ठराविक मुदतीचे दिले जाते.

गावातील कोणाचा खांदा आखडला असल्यास ‘वयोमानाने असे व्हायचेच’ म्हणून त्याला घरी बसू देऊ नये. शिक्षक व पंचायत सदस्यांनी अशा व्यक्तीस वेळीच शासकीय रुग्णालयाची वाट दाखवावी आणि प्रत्येक तपासणीतील नोंदीचे कागद जपून ठेवण्यास सांगावे. पहिल्या दिवशीचे ७० अंश काही आठवड्यांच्या व्यायामानंतर ११० झाल्याचे कागदावर दिसले, तर रुग्णाचा धीर वाढतो. ते वाढत नसतील, तर उपचार बदलण्याची वेळ आली, हेही तोच कागद सांगतो.