खरखरीचे 19 कोटी आकडे

अमेरिकेतल्या डेटन गावात रॉबर्ट पोलार्ड चौथीच्या पोरांना शिकवायचा आणि उरलेल्या वेळात दोस्त गोळा करून गाणी करायचा. 'गाइडेड बाय व्हॉइसेस' हा त्याचा बँड. 1994 च्या 'बी थाउजंड'मधली 20 गाणी बहुतेक चार ट्रॅकच्या स्वस्त कॅसेट रेकॉर्डरवर धरलेली. कॅसेटची फीत पावणेचार मिलिमीटर रुंद, तीत चार वाटा. एका वाटेला धड मिलिमीटरही येत नाही. मग खरखर येणारच. पहिल्याच गाण्यात गिटार मध्येच गडप होते, तेही तसंच ठेवलेलं.

निमगाव केतकीत रात्री विहिरीवरची मोटर थांबली की मी हा अल्बम ऐकतो. लॉसलेस, म्हणजे काहीही न गाळता! मित्राला हसू येतं. "खरखरच ऐकायची, तर एमपीथ्री काय वाईट?"

त्याला हिशेब मांडून दाखवला. सीडीच्या दर्जात सेकंदाला एका कानाचे 44,100 आकडे, दोन्हींचे 88,200. अल्बम 36 मिनिटांचा. म्हणजे 19 कोटी 5 लाख 12 हजार. तुकोबांची पालखी गावात मुक्कामाला येते त्या दिवशी सेकंदाला एक या गतीने मोजायला बसलं, जेवणझोप सोडून, तर उठेपर्यंत पुढच्या सहा वाऱ्या येऊन जातील.

यातला एकेक आकडा म्हणजे 65,536 पायऱ्यांतली एक पायरी. साध्या कॅसेटची खरखर, ढोबळमानाने, शंभरेक पायऱ्यांत सारखी वरखाली नाचते. 16 बिटांतले सातेक बिट तिच्याच नावावर! गंमत पुढेच आहे. फ्लॅक ही लॉसलेस फाइल मागच्या आकड्यांवरून पुढचा ताडते आणि अंदाज किती चुकला तेवढंच लिहून ठेवते. तंबोऱ्याचा सूर असा ताडता येतो. खरखरीला आगापिछा नसतो, ती ताडणार कशी? म्हणून रेकॉर्डिंग जितकं फाटकं, तितकी ती जपायला जागा जास्त.

128 केबीपीएसची एमपीथ्री सीडीला लागणाऱ्या जागेच्या अकराव्या हिश्शात भागवते. कानाला कळणार नाही असं वाटेल ते टाकून देते, आणि खरखर पाण्याखालून आल्यासारखी बुडबुडते. मला तर ते गाण्याचं अंगच कापल्यासारखं वाटतं.

मित्राने शेवटी हेडफोन लावला. गिटार गडप झाली, तसा त्याने पिनेला हात घातला आणि दोनदा दाबून पाहिली.