ऐकलेले लिहून ठेवा

चिमूर हे आपल्या चंद्रपूर जिल्ह्यातील गाव. दुसरे महायुद्ध चालू असताना, १६ ऑगस्ट १९४२ रोजी, तेथील लोकांनी इंग्रज सत्तेविरुद्ध उठाव केला. गोळीबारात गावकरी मेले. काही सरकारी अधिकारीही मारले गेले. मग आलेल्या सैनिकांनी गावावर, विशेषतः स्त्रियांवर, अत्याचार केले. नागपूरच्या काही महिला चिमूरला गेल्या. त्यांनी पीडित स्त्रियांची हकीकत ऐकली व लोकांपुढे आणली. चौकशीसाठी प्राध्यापक भन्साळी यांनी ६३ दिवस उपवास केला. सरकारने या बातम्या छापण्यावर बंदी घातली. तरीही सत्य लपले नाही.

त्याच युद्धात युरोपात सुमारे ६० लाख ज्यू मारले गेले. वाचलेल्यांच्या आठवणी जेरुसलेमच्या 'याद वाशेम' या संस्थेत जपल्या आहेत. साक्षीदार गेल्यावर कोणी म्हटले, 'असे घडलेच नाही', तर उत्तर कोण देणार?

१९४२ पाहिलेली माणसे आता फार थोडी उरली आहेत. म्हणून आजच दादीजान, नानाजान, शेजारचे आजोबा यांच्याजवळ बसा. त्यांनी काय पाहिले, वडीलधाऱ्यांकडून काय ऐकले, ते विचारा. नाव, गाव, साल टिपा. पदरचे काही घालू नका. उर्दूत लिहा किंवा मराठीत, पण लिहा.