समजून घ्या : सरदार लुळा पडल्यावर इमान कोण राखतं? ९० वर्षांहून जुन्या जपानी मूकपटाची गोष्ट

जोयडा : यक्षगानात भागवत पदं म्हणतो आणि त्यावर कथा पुढे सरकते, हे आपल्या भागात लहान पोरालाही ठाऊक आहे. मूकपटांच्या काळात जपानमधल्या थिएटरातही असाच एक निवेदक असायचा. त्याला ‘बेन्शी’ म्हणत. पडद्याशेजारी उभा राहून तो एकटाच सगळ्या पात्रांचं बोलणं बोलायचा. त्याच काळात, १९२७ मध्ये, दाइसुके इतो या दिग्दर्शकाचा ‘चुजी ताबी निक्की’, म्हणजे ‘चुजीची प्रवासवही’, तीन भागांत आला.

चुजी कोण?

कुनिसादा चुजी (१८१०-१८५१) हा जुगाऱ्यांच्या टोळीचा खराखुरा म्होरक्या. दुष्काळात त्याने गरिबांना मदत केली, अशी आख्यायिका आहे. चित्रपटात ही भूमिका देन्जिरो ओकोची याने केली.

कथा काय?

फरार चुजी नाव बदलून दारूच्या कारखान्यात कारकुनी करतो. मालकाची मुलगी त्याच्यावर जीव लावते. पण ओळख फुटते आणि त्याला निघावं लागतं. अर्धांगाने तो लुळा पडतो. तलवार उचलवत नाही. आता त्याच्याकडून कुणाला काही मिळणार नाही. उलट त्याला लपवणं म्हणजे जिवावरचा खेळ. तरी ओशिना ही त्याची सोबतीण आणि मोजके साथीदार त्याला लपवतात, शिपायांशी लढतात. शेवटी चुजी पकडला जातो.

इमानाची खरी परीक्षा इथेच आहे. धाक आणि कमाई असेपर्यंत टोळी कुणाचीही टिकते.

आपल्याकडे याची उलटी बाजू दिसली. उमाजी नाईकांवर इंग्रजांनी दहा हजार रुपये आणि चारशे बिघे जमिनीचं इनाम लावलं. जवळच्यांच्याच फितुरीने ते पकडले गेले. ३ फेब्रुवारी १८३२ ला पुण्यात त्यांना फाशी झाली.

चित्रपट कुठे गेला?

त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घ्यायची, पडून राहिली तर कुजायची. फाळकेंच्या ‘राजा हरिश्चंद्र’ची (१९१३) चारपैकी पहिली आणि शेवटची एवढीच रिळं उरली. चुजीचे तर तिन्ही भाग हरवले. तरी १९५९ मध्ये ‘किनेमा जुन्पो’ या जपानी नियतकालिकाच्या कौलात हाच चित्रपट सर्वोत्कृष्ट ठरला. अखेर १९९१ मध्ये दुसऱ्या भागाचे तुकडे आणि तिसऱ्याचा बराचसा भाग सापडला. त्यामुळे चुजीच्या पडत्या काळात कोण उभं राहिलं, ते आज पाहता येतं.