हुकूम मोडला, पुढे काय?

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. पण पायरी चढून, हेलपाटे घालून, एकदाचा हुकूम हाती पडला आणि समोरच्याने तो धाब्यावर बसवला, तर? तीस वर्षे काळा कोट अंगावर वागवल्यामुळे हा प्रश्न मला लग्नाच्या पंगतीतसुद्धा विचारतात. "वकीलसाहेब, किती शिक्षा होते हो?"

किती होऊ शकते, हे सांगणे सोपे. न्यायालयाच्या अवमानाला 1971 च्या कायद्यात जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही. हे आकडे 1926 च्या कायद्यातून जसेच्या तसे आले आहेत. त्या काळी दोन हजार म्हणजे सावकारालाही घाम फुटावा; आज चौघे बऱ्या हॉटेलात जेवले की संपले!

किती होते, हे मात्र सांगता येत नाही. अयोध्येतील बांधकामाबाबत दिलेली हमी न पाळल्याबद्दल उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याणसिंग यांना सर्वोच्च न्यायालयाने 1994 साली एक दिवसाची कैद दिली. लाकूड कापण्याच्या गिरण्या हुकूम मोडून चालू दिल्याबद्दल 2006 साली आपले मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एकेक महिना. मनाई असताना चार कोटी डॉलर मुलांकडे वळवणाऱ्या विजय मल्ल्यांना 2022 साली चार महिने. निकालपत्रांत कारणे असतात. पण सर्व न्यायाधीशांच्या हाती सारखी अशी मोजपट्टी आपल्याकडे नाही.

मोठ्यांचे राहू द्या. कौटुंबिक हिंसाचाराच्या 2005 च्या कायद्याखाली बाईला संरक्षण आदेश मिळतो. तो मोडला तर एक वर्षापर्यंत कैद किंवा 20,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. माझ्या एका पक्षकार बाईंच्या नवऱ्याला घराकडे फिरकण्याची मनाई होती. पाडव्याला स्वारी साडी घेऊन दारात हजर! "ओवाळून घ्यायला आलो, यात कसला गुन्हा?" बाईंच्या हातापायांना कापरे, मुलगा पलंगाखाली. असाच हुकूम असलेला दुसरा एक गृहस्थ तापाने फणफणलेल्या मुलाचे औषध उंबऱ्यावर ठेवून निमूट परत गेला होता. कलम दोघांना एकच.

इंग्लंडात 1 ऑक्टोबर 2018 पासून यासाठी छापील कोष्टक आहे. हुकूम जाणूनबुजून, वारंवार मोडला की किरकोळ चूक झाली, हे एका बाजूला. समोरच्याला किती त्रास झाला, हे दुसऱ्या बाजूला. असे संरक्षक हुकूम मोडणाऱ्याला तिथे कमाल शिक्षा पाच वर्षे. सर्वांत वरच्या घरात हिशेब दोन वर्षांपासून सुरू होतो. मुलाच्या भेटीचे निमित्त काढून त्रास दिला, बाईला घर सोडावे लागले, तर वजन वाढते. न्यायाधीशाचे हात बांधले जातात, अशी कुरकुर माझे व्यवसायबंधू करतात. मला ती पटत नाही. न्यायासाठी गरज पडली तर तिथला न्यायाधीश कोष्टकाबाहेर जाऊ शकतोच, फक्त कारण सांगावे लागते.

आपल्याकडे तोवर पुरावाच कामाला येतो. संरक्षण आदेशाची नक्कल फुकट मिळते, पोलीस ठाण्यालाही जाते. ती जपावी, आलेले निरोप पुसू नयेत, तारीख, वेळ, कोणी पाहिले, हे टिपून ठेवावे. त्या बाईंनी भिंतीवरच्या कॅलेंडरवर अशा सतरा खुणा केल्या होत्या. मॅजिस्ट्रेटसाहेबांनी पाने उलटून पाहिली आणि नवऱ्याला विचारले, "तुमच्याकडे पाडवा वर्षातून कितीदा येतो?"