वरातीमागून आलेला कागद

राजगुरुनगरच्या कोर्टाबाहेर, चहाच्या टपरीवर गेल्या वर्षी आप्पा भेटले. मी चाकणच्या शाखेत असताना त्यांचे टेम्पोचे कर्ज माझ्याच सहीने मंजूर झाले होते. हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत फेरफाराची नक्कल आणि एक जुनी वही. म्हणाले, "साहेब, जुनं घर पाडताना माळ्यावरच्या ट्रंकेत सापडलं. पण वकील म्हणतात, वरातीमागून घोडं आणलंत!"

आप्पांच्या धाकट्या बहिणीने वाटपाचा दावा लावला आहे. वाटप वडिलांच्या हयातीतच झाले, असे आप्पांनी कैफियतीत लिहून दिले. कागद मात्र एकही जोडला नाही. मुद्दे निघाले, बहिणीची साक्ष झाली, उलटतपास झाला आणि मग ट्रंक उघडली. नक्कल होती 1983 च्या वाटपाच्या नोंदीची. वहीचे पुढे सांगतो.

पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंतच्या पट्ट्यात अशा ट्रंका घरोघरी आहेत. जिथे कांदा-बटाटा पिकत होता तिथे कारखाने उभे राहिले, जमिनीला भाव आला आणि वडिलांनी कधी काळी घडी घालून ठेवलेल्या कागदालाही. कायदाही बदलत गेला. महाराष्ट्राने 1994 साली मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलांसारखा हक्क दिला, पण आधी लग्न झालेल्या मुली त्यातून सुटल्या. केंद्राच्या 2005 च्या दुरुस्तीने त्यांनाही सामावून घेतले. मात्र 20 डिसेंबर 2004 पूर्वी झालेले वाटप मोडत नाही. नुसते 'तोंडी वाटप झाले होते' म्हणणे सहसा चालणार नाही, सरकारी दप्तराचा भक्कम आधार लागेल, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2020 मध्ये सांगितले. म्हणजे आप्पांची सारी भिस्त त्या एका नकलेवर.

मग उशीर झाला म्हणून कोर्ट ती घेणारच नाही का? दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 सालची. तिच्यात 1 जुलै 2002 पासून शिस्त कडक झाली. वादीने दाव्यासोबत आणि प्रतिवादीने कैफियतीसोबत आपल्या आधाराचे कागद द्यायचे. राहिलेला कागद नंतर द्यायचा तर कोर्टाची परवानगी हवी. कारण उघड आहे. हुकमाचे पान शेवटपर्यंत लपवून ठेवायची सोय राहिली, तर समोरच्याने तयारी कशाची करायची?

पण दार बंद केलेले नाही. तामिळनाडूतल्या एका दाव्यात प्रतिवादींनी असाच अर्ज दिला होता: कागद हरवले होते, आता सापडले. खालच्या कोर्टाने आणि उच्च न्यायालयाने तो नाकारला. सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2020 मध्ये मान्य केला. समोरच्याचे गंभीर नुकसान होत नसेल तर नियमाच्या शब्दापेक्षा न्यायाकडे पाहावे, असे त्याचे सार. आपल्याकडच्या, नागपूर खंडपीठातून गेलेल्या प्रकरणात डिसेंबर 2023 मध्ये आणखी एक गोष्ट स्पष्ट झाली. उलटतपासात साक्षीदारापुढे कागद अचानक ठेवता येतो, तसा तो साक्ष देणाऱ्या वादी-प्रतिवादीपुढेही ठेवता येतो.

याचा अर्थ कधीही या, कसेही या, असा नव्हे. अर्जात प्रश्न एकच असतो: इतके दिवस कागद कुठे होता? याचे उत्तर सरळ आणि खरे हवे. शिवाय कागद दाखल झाला म्हणजे सिद्ध झाला, असेही नाही. मूळ प्रत किंवा प्रमाणित नक्कल लागते, खासगी कागद असेल तर सही-अक्षर ओळखणारा माणूस लागतो. बँकेच्या खतावणीचा उतारासुद्धा 1891 च्या कायद्याप्रमाणे प्रमाणित करून द्यावा लागतो. आणि अपिलात गेल्यावर तर दार फारच अरुंद होते. हयगय केली नव्हती, तरीही कागद मिळाला नव्हता, असे काहीतरी तिथे दाखवावे लागते.

आता ती वही. वडिलांची जमीन एमआयडीसीत गेली तेव्हाच्या मोबदल्याचा हिशेब त्यांनी स्वतःच्या हाताने लिहिला होता. त्यात एक रक्कम, पुढे दोन शब्द: 'ताईचे ठेवावे.' ती रक्कम ताईपर्यंत पोचली नाही. आप्पांनी खाली मान घालून सांगितले, "टेम्पोच्या मार्जिनला भरली, साहेब. तुमच्याच काउंटरवर." पैसे कुठून आणले, हे मी तेव्हा विचारले होते की नाही, आज आठवत नाही. चलनावर शिक्का मात्र पडला होता.

कारखानदारांच्या व्यापारी दाव्यांना 2015 चा कायदा लागतो. त्यात आपल्या बाजूचे आणि विरुद्ध जाणारे, दोन्ही कागद सुरुवातीलाच द्यावे लागतात. भावा-बहिणीच्या साध्या दाव्यात आपल्या आधाराचा कागद देऊन भागते. वही परत ट्रंकेत गेली असती तर विचारायला कोणी येणार नव्हते.

आप्पांनी यादीत दोन्ही लिहिले. अर्ज मंजूर झाला. उशिराबद्दल बहिणीला खर्च द्यायचा आणि तिला पुन्हा साक्षीची संधी, असा हुकूम झाला. दावा अजून चालू आहे. फेरफाराच्या जोरावर आप्पा जिंकतीलही, वहीपायी काही द्यावेही लागेल.

त्या दिवशी कोर्टाच्या आवारात बहिणीने वहीची प्रत हातात घेतली. वडिलांचे अक्षर बराच वेळ पाहत राहिली. मग इतकेच म्हणाली, "दादा, हे तेवढं मला घरी दाखवायचं होतंस."

त्या उशिराला माफी द्यायची की नाही, हे ठरवणारे कोर्ट राजगुरुनगरात नाही.